अळीमिळी गुपचिळी: मित्राच्या बॅचलर पार्टीत जे घडले ते त्याच्या होणाऱ्या पत्नीला सांगावे का?

सातवा (प्रश्न)

आम्ही आठ जण गेलो होतो. सात मित्र आणि ज्याचे लग्न ठरले आहे तो. त्याचे लग्न आता बरोबर पाच आठवड्यांवर आले आहे. त्या रात्रीला आज बारा दिवस झाले आणि या बारा दिवसांत मला नीट झोप लागलेली नाही, म्हणून नाव न सांगता लिहितो आहे. माझे वय ३४ आहे, माझ्या लग्नाला सहा वर्षे झाली आहेत आणि हा मित्र महाविद्यालयाच्या पहिल्या वर्षापासूनचा आहे.

सहल दोन रात्रींची होती. आमच्यापैकी एकाने सगळी व्यवस्था अंगावर घेतली होती. त्याने प्रत्येकाकडून सारखी वर्गणी घेतली आणि कशावर किती खर्च होणार आहे, हे कोणीही विचारले नाही. पहिली रात्र गप्पा आणि जुन्या आठवणी यांत छान गेली. दुसऱ्या रात्री सगळ्यांचे बऱ्यापैकी पिऊन झाल्यावर त्याने जाहीर केले की नवरदेवासाठी एक भेट आणली आहे आणि ती वरच्या खोलीत वाट पाहते आहे. ती भेट म्हणजे पैसे देऊन बोलावलेली एक स्त्री होती. मित्र आधी हसला. त्याला ती थट्टा वाटली असावी. थट्टा नाही हे लक्षात आल्यावर तो "नको" म्हणाला. मग पुन्हा एकदा, अधिक स्पष्टपणे, "नको रे, खरंच नको" असे म्हणाला. हे दोन्ही नकार मी माझ्या कानांनी ऐकले आहेत.

त्यानंतर जे झाले ती मारहाण नव्हती, दमदाटीही नव्हती, आणि म्हणूनच ते शब्दांत पकडणे मला अवघड जाते आहे. कोणी म्हणाले की हा लग्नाआधीच बायकोच्या ताटाखालचे मांजर झाला. कोणी म्हणाले की पैसे भरून झाले आहेत, आता सगळ्यांचा विरस करू नकोस. एकाने मोबाइल वर धरला आणि चित्रीकरण करत असल्याचा आव आणला. कोणीतरी टाळ्यांचा ठेका धरला आणि बाकीच्यांनी तो उचलला. तिसऱ्या वेळी त्याने नकार दिला नाही. तो काही बोललाच नाही, जिना चढून वर गेला. मी जिन्याजवळ उभा होतो. जाताना त्याने माझ्याकडे पाहिले आणि मी माझ्या फोनकडे पाहिले.

अर्ध्या तासाने तो खाली आला तेव्हा सगळ्यांबरोबर हसत होता. दुसऱ्या दिवशी परतीच्या प्रवासात मात्र तो चार तास खिडकीबाहेर बघत बसून राहिला. गाडीत बसण्यापूर्वी व्यवस्था करणाऱ्या मित्राने सगळ्यांना हातावर हात ठेवायला लावले आणि "इथले इथेच" अशी शपथ घ्यायला लावली. मीही हात ठेवला.

त्याच्या होणाऱ्या पत्नीला मी चांगला ओळखतो. गेल्या वर्षभरात तिची आणि माझ्या पत्नीची घट्ट मैत्री झाली आहे. आम्ही परतलो त्या संध्याकाळी तिचा मला संदेश आला: "तुम्ही सोबत होतात म्हणून मी निर्धास्त होते." मी उत्तरादाखल हात जोडल्याचे चिन्ह पाठवले. माझ्या पत्नीने सहल कशी झाली असे विचारले, तेव्हा "छान झाली" एवढेच सांगितले.

मी तिला सांगावे का, की आधी मित्राशी बोलावे? ज्याने दोनदा नको म्हटले, त्याने विश्वासघात केला असे म्हणायचे की आम्ही सगळ्यांनी मिळून तो त्याच्याकडून करवून घेतला असे म्हणायचे? आणि माझ्या स्वतःच्या घरात मी खोटे बोललो नाही, पण खरेही बोललो नाही, त्याचे काय करावे?

तटस्थ

तुमची तळमळ खरी आहे याबद्दल मला शंका नाही. तरीही तुम्ही गप्प राहावे, असे माझे मत आहे, आणि ते मी विचारांती मांडतो आहे.

वरच्या खोलीत काय घडले हे तुम्ही पाहिलेले नाही. त्या दोघांमध्ये एकमेकांविषयी काय बोलणे झाले आहे, भूतकाळातल्या कोणत्या गोष्टी त्यांनी परस्परांना माफ केल्या आहेत, हेही तुम्हाला ठाऊक नाही. अशा अर्धवट माहितीवर पाच आठवड्यांवर आलेले लग्न मोडू शकेल असे वाक्य उच्चारणे ही फार मोठी गोष्ट आहे, आणि एकदा उच्चारलेले वाक्य परत घेता येत नाही. मनावरचे ओझे उतरावे म्हणून माणूस पुष्कळदा बोलतो. ओझे उतरते खरे, पण ते दुसऱ्याच्या डोक्यावर जाऊन बसते. तुमचा मित्र सज्ञान आहे. सांगायचे की नाही, हा निर्णय त्याचा आहे. तुम्ही एवढेच ठरवा की अशा सहलीला पुन्हा जाणार नाही.

अध्यापिका

मी सामाजिक मानसशास्त्र शिकवते, म्हणून दबाव आणि जबाबदारी यांविषयीच्या तुमच्या प्रश्नापासून सुरुवात करते. माझ्या मते बाकीच्या प्रश्नांची उत्तरे त्यातूनच निघतात.

सॉलोमन ॲश यांनी १९५० च्या दशकात अमेरिकेत केलेले प्रयोग या विषयाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला शिकवले जातात. एका खोलीत काही तरुण बसत, त्यांपैकी एकच खरा सहभागी असे आणि बाकीचे सगळे आधी पढवलेले असत. समोरच्या तीन रेषांपैकी कोणती रेषा नमुन्याच्या रेषेएवढी आहे, एवढेच मोठ्याने सांगायचे होते. एकट्याने उत्तर देताना माणसे शंभरात एखादीही चूक क्वचितच करत. मात्र १८ फेऱ्यांपैकी १२ फेऱ्यांत पढवलेले सगळे एकमुखाने चुकीचे उत्तर देत, आणि त्या फेऱ्यांत खऱ्या सहभागींची एकतृतीयांशाहून अधिक उत्तरे चुकीची येत. सुमारे तीन चतुर्थांश जणांनी निदान एकदा तरी स्वतःच्या डोळ्यांना दिसणारे बाजूला ठेवून बहुमताची री ओढली. तेथे दारू नव्हती, पंधरा वर्षांची मैत्री नव्हती, टाळ्यांचा ठेका नव्हता, मर्दानगीचा प्रश्न नव्हता. समोर फक्त कागदावरच्या रेषा होत्या. तुमच्या मित्राच्या बाबतीत यातले सगळेच होते.

याच प्रयोगांतला दुसरा भाग मला अधिक महत्त्वाचा वाटतो. गटातल्या एकाच माणसाने खरे उत्तर दिले, तर सहभागीच्या चुका आधीच्या सुमारे एक चतुर्थांशावर येत. एकच माणूस पुरे होत असे, आणि तो वक्ता असण्याची गरज नव्हती. जिन्यावरून तुमच्या मित्राने तुमच्याकडे पाहिले, ते बहुधा त्या एका माणसाच्या शोधात. हे तुम्हाला टोचावे म्हणून मी लिहीत नाही. ते तुम्हाला आधीच टोचते आहे, नाहीतर फोनकडे पाहिल्याचा तपशील तुम्ही लिहिलाच नसता. मी हे इतरांसाठी लिहिते आहे. अशा वेळी नीतीवर भाषण करावे लागत नाही. "मला बरे वाटत नाही, तू माझ्याबरोबर बाहेर चल" एवढे एक वाक्य आणि खांद्यावर हात पुरेसा असतो, कारण एकमुखीपणाला तडा जाणे हीच मुख्य गोष्ट आहे.

बाकीचे सहाही जण मनापासून त्या प्रकाराच्या बाजूने होते, असे तुम्ही गृहीत धरले आहे. मला तसे वाटत नाही. डेबोरा प्रेंटिस आणि डेल मिलर यांनी प्रिन्स्टन विद्यापीठातील विद्यार्थ्यांच्या मद्यपानाविषयीचा अभ्यास १९९३ मध्ये प्रसिद्ध केला. त्यात असे आढळले की सर्वसाधारण विद्यार्थ्याला स्वतःला त्या पिण्याबद्दल जेवढी अस्वस्थता वाटे, त्यापेक्षा इतरांना ती कमी वाटते असा त्याचा समज असे. प्रत्येक जण मनातून बिचकलेला असतो आणि प्रत्येकाला वाटते की बिचकलेला आपण एकटेच आहोत. तुम्ही फोनकडे पाहत होतात, तेव्हा दुसरा कोणी ग्लासाकडे पाहत असेल. तुम्हाला दिसले ते फक्त टाळ्या वाजवणारे हात. त्यामागची मने तुम्हाला दिसत नव्हती. दारूने यात भर पडते ती अशी, की तिच्या अमलाखाली माणसाचे लक्ष सर्वांत जवळच्या आणि सर्वांत मोठ्या आवाजाच्या गोष्टीपुरते आकसते. क्लॉड स्टील आणि रॉबर्ट जोसेफ्स यांनी १९९० मध्ये हा सिद्धान्त सविस्तर मांडला. त्या रात्री टाळ्या जवळ होत्या, आणि जिच्याशी लग्न ठरले आहे ती फार दूर होती.

आता जबाबदारी. दबावामुळे वाटेकरी वाढतात. तुमच्या मित्राचा स्वतःचा वाटा त्यामुळे शून्य होत नाही. ॲश यांच्याच प्रयोगांत सुमारे एक चतुर्थांश माणसे एकदाही वाकली नाहीत. उत्तरे इतरांना कळणार नाहीत अशी व्यवस्था केली की दबाव कमी होतो, हे १९५५ मध्ये मॉर्टन डॉइश आणि हॅरॉल्ड जेरार्ड यांनी दाखवले होते. तुमच्या मित्राच्या मागे दार लागल्यावर टाळ्या बाहेर राहिल्या. जिना चढण्याचा हिशेब सगळ्यांच्या नावावर आहे. दारापलीकडच्या अर्ध्या तासाचा हिशेब मुख्यतः त्याच्या नावावर आहे. तटस्थ यांचे एक म्हणणे मला मान्य आहे: त्या अर्ध्या तासात काय झाले, हे आधी त्यालाच विचारायला हवे. पण विचारायचेच नाही, हे मात्र मान्य नाही.

चौदा महिने

मी अशाच एका लग्नातली पत्नी आहे. मला कळले ते लग्नानंतर चौदा महिन्यांनी. माझ्या पतीच्या एका मित्राच्या पत्नीने, मला ते माहीत असणारच अशा समजुतीने, एका संध्याकाळी सहज उल्लेख केला. माझा चेहरा पाहून तिच्या लक्षात आले आणि तिने विषय बदलण्याचा प्रयत्न केला, पण तोवर उशीर झाला होता. त्या खोलीत बसलेल्या प्रत्येकाला ते ठाऊक होते. माझ्याशिवाय.

त्या एका रात्रीबद्दल मी माझ्या पतीवर किती रागावले, ते आता मला नीट आठवतही नाही. जे आजही आठवते ते असे: मी घरी आले, आमच्या लग्नाच्या छायाचित्रांचा संग्रह काढला आणि प्रत्येक छायाचित्रात ती सगळी माणसे आमच्या मागे उभी असलेली पाहिली. त्यांनी मला शुभेच्छा दिल्या होत्या. त्यांच्यातला एक जण तर माझ्या वडिलांचा हात हातात घेऊन "काळजी करू नका, आम्ही आहोत" असे म्हणाला होता. मी ज्या दिवशी लग्नाला उभी राहिले त्या दिवशी मी कशाला होकार देते आहे हे मला सोडून सगळ्यांना माहीत होते. फसवणूक एका माणसाने केली असती तर मी त्या माणसाशी भांडले असते. एवढ्या जणांशी कशी भांडणार?

तटस्थ यांना मी नम्रपणे सांगू इच्छिते की न सांगणे हीसुद्धा एक कृती आहे आणि तिचेही ओझे कोणाच्या तरी डोक्यावर जाते. पाच आठवडे आधी कळले तर ती मुलगी रडेल, चिडेल, कदाचित लग्न पुढे ढकलेल, कदाचित मोडेल, कदाचित सगळे समजून घेऊन त्याच माणसाशी लग्न करेल. यांतली प्रत्येक गोष्ट ती स्वतः ठरवेल. मला ती संधी मिळाली नाही.

तरीही तुम्ही उठून तिच्याकडे जावे, असे मी म्हणणार नाही. सांगायचे त्याने. वॉलिड अफिफी आणि सहकाऱ्यांचा २००१ मध्ये प्रसिद्ध झालेला एक अभ्यास मी त्या काळात वाचला होता. प्रतारणा जोडीदाराने न विचारता स्वतःहून सांगितली, तर नात्याची हानी तुलनेने कमी होते. तिऱ्हाइताकडून कळली किंवा रंगेहाथ पकडली गेली, तर ती सर्वाधिक होते, असा त्याचा निष्कर्ष होता. मला तो वाचून समजावे लागले नाही, मी ते अनुभवले होते. म्हणून त्याला भेटा, आणि त्याला ठरावीक दिवस द्या. "कधीतरी सांग" असे म्हणू नका, कारण कधीतरी म्हणजे लग्नानंतर, आणि लग्नानंतर म्हणजे कधीच नाही. त्या दिवसापर्यंत त्याने सांगितले नाही आणि तिने तुम्हाला विचारले, तर तुम्ही खोटे बोलणार नाही, हे त्याला आताच स्पष्ट सांगा.

तुमच्या पत्नीला मात्र आज सांगा. तिच्या मैत्रिणीचे आयुष्य पणाला लागले आहे आणि ती रोज तिच्याशी लग्नाच्या तयारीबद्दल बोलते आहे. उद्या हे बाहेर आले की पहिला संशय तुमच्या पत्नीवर येईल, तिलाही माहीत होते असा. माझ्या बाबतीत जिने नकळत उल्लेख केला, ती बिचारी आजही स्वतःला दोष देते, आणि ज्यांनी शपथा घेतल्या ते निवांत आहेत.

आम्ही दीड वर्ष वेगळे राहिलो. आता पुन्हा एकत्र आहोत. त्या मित्रांपैकी एकाने मला पत्र लिहून क्षमा मागितली होती, कोणतीही सबब न सांगता. त्या एकाशीच मी बोलते.

बाह्यरुग्ण

मी लैंगिक आरोग्याच्या बाह्यरुग्ण विभागात डॉक्टर आहे. नात्याविषयी इतरांनी लिहिले आहे. मी तारखांविषयी लिहितो, कारण तारखा थांबत नाहीत.

शारीरिक संबंध आला असेल आणि निरोध वापरला नसेल किंवा फाटला असेल, तर एचआयव्हीचा संसर्ग टाळण्यासाठी घ्यायची औषधे ७२ तासांच्या आत सुरू करावी लागतात आणि २८ दिवस घ्यावी लागतात. तुमच्या मित्राच्या बाबतीत ती वेळ निघून गेली आहे, पण हे वाचणाऱ्या दुसऱ्या कोणासाठी ती अजून शिल्लक असू शकते. लाजेपायी ते तीन दिवस घालवलेले पुष्कळ जण मी पाहिले आहेत.

आता त्याच्यासाठी. गोनोरिया आणि क्लॅमिडिया या लैंगिक संसर्गांची तपासणी संपर्कानंतर साधारण दोन आठवड्यांनी भरवशाची ठरते, म्हणजे याच आठवड्यात. एचआयव्हीची प्रयोगशाळेतील प्रतिजन (विषाणूचा अंश) आणि प्रतिपिंड (त्याविरुद्ध शरीराने तयार केलेले प्रथिन) अशी एकत्रित तपासणी १८ ते ४५ दिवसांत संसर्ग दाखवते. तुम्ही दिलेल्या हिशेबाने लग्नाच्या दिवशी त्या रात्रीला ४७ दिवस झालेले असतील. म्हणजे ४५ व्या दिवसाची निर्णायक तपासणी लग्नाच्या दोन दिवस आधी येते, आणि तोवर त्याने कोणाशीही निरोधाशिवाय संबंध ठेवू नये. सिफिलिसची पहिली जखम १० ते ९० दिवसांत कधीही दिसू शकते, म्हणून ती तपासणी तीन महिन्यांनी पुन्हा करावी लागते, तेव्हा लग्न होऊन गेलेले असेल. निरोध वापरला असला तरी त्वचेच्या संपर्कातून होणारे काही संसर्ग त्याने पूर्ण टळत नाहीत. हे सगळे होणाऱ्या पत्नीपासून लपवून पार पाडणे शक्य नाही, आणि लपवले तर तिच्या शरीराबद्दलचा निर्णय तिच्या अपरोक्ष घेतल्यासारखे होते. तटस्थ यांच्या मताबद्दल आदर राखूनही मला येथे गप्प राहण्याचा मार्ग दिसत नाही.

आणखी एक गोष्ट लिहिल्याशिवाय राहवत नाही. वरच्या खोलीत एक स्त्री होती. ती स्वखुशीने आली होती की कोणी पाठवली होती, हे आठांपैकी एकानेही विचारलेले दिसत नाही. संसर्गाच्या बोलण्यात तिलाच धोका समजण्याची चूक करू नका. तो कोणाकडूनही कोणाकडेही जातो, आणि त्या खोलीत शिरलेल्या माणसाबद्दल तिलाही काही माहीत नव्हते.

एकेकाळचा नवरदेव

अध्यापिका यांचे विवेचन मला पटले, पण दारापलीकडचा हिशेब मुख्यतः त्याचा, हे वाक्य वाचून मी थबकलो. तो किती प्यायला होता, हे कोणी विचारलेले नाही.

माझ्या बाबतीत मला त्या रात्रीचे जवळपास काहीच आठवत नाही. मी चालत होतो, बोलत होतो, हसत होतो, असे चित्रफितीत दिसते, आणि ती चित्रफीत मित्रांनी मला दुसऱ्या दिवशी कौतुकाने दाखवली. नंतर एका समुपदेशकाने मला समजावले की अति मद्यपानाने मेंदूत नव्या आठवणी साठवण्याचे काम थांबते, माणूस शुद्धीवर दिसत असला तरीही. त्या अवस्थेत दिलेल्या होकाराला होकार म्हणता येत नाही. मी तीन वर्षे स्वतःला व्यभिचारी म्हणत होतो. माझ्यावर अतिक्रमण झाले होते, हा शब्द तोंडातून निघायला तीन वर्षे लागली, कारण पुरुषाच्या बाबतीत तो शब्द कोणी वापरत नाही. मित्र तर त्याला भाग्यवान म्हणतात.

तुमचा मित्र दोनदा स्पष्ट बोलला आणि जिना चढून गेला, पण तेवढ्यावरून तो भानावर होता असे म्हणता येत नाही, चालत-बोलत तर मीही होतो. म्हणून ते त्याच्याकडून ऐका, स्वतः ठरवून जाऊ नका. भेटताना एकट्याने भेटा, दारू नसेल अशा ठिकाणी, फोनवर नाही. "तू काय केलंस" असे म्हणून सुरुवात करू नका. तुम्ही काय केले नाही, तेथून सुरुवात करा. माझ्या सात मित्रांपैकी एकाने जरी येऊन "मी तेव्हा बोलायला हवे होते" असे म्हटले असते, तरी माझी ती तीन वर्षे कमी झाली असती. आणि ती चित्रफीत खरोखर आहे का, असल्यास कोणाकडे आहे, ते आजच शोधून काढा. आव आणला, असे तुम्ही लिहिले आहे. खात्री करून घ्या.

सातवा

सहा दिवसांनी लिहितो आहे. सगळ्यांची उत्तरे मी अनेकदा वाचली.

चित्रफीत नाही. ज्याने मोबाइल वर धरला होता, त्याला मी पहिला फोन केला. माझे वाक्य पूर्ण होण्याआधी तो म्हणाला, "मलाही ते नको होतं." त्याला वाटत होते की मी त्या प्रकाराच्या बाजूचा होतो, कारण मी शांत उभा होतो. व्यवस्था करणाऱ्या मित्रानेही माझे बोलणे ऐकून घेतले, मग शपथेची आठवण करून दिली आणि फोन ठेवला. त्यानंतर त्याने मला गटातून काढून टाकले आहे.

मित्राला मी परवा भेटलो. सुरुवात माझ्या फोनपासून केली, म्हणजे जिन्यावरून त्याने पाहिले तेव्हा मी जिकडे पाहत होतो तेथून. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग त्याने विचारले, "मी दोनदा नको म्हणालो होतो. तू ऐकलं होतंस ना?" मी सांगितले की दोन्ही वेळा ऐकले होते. त्यावर तो ज्या प्रकारे रडला, तसे मी त्याला पंधरा वर्षांत पाहिलेले नाही. त्याला सगळे आठवते. त्याने सांगितले की पहिली दहा मिनिटे तो पलंगाच्या कडेला नुसता बसून होता आणि ती स्त्री खुर्चीत बसून होती. मग त्याच्या मनात आले की इतक्या लवकर खाली गेलो तर सगळे काय म्हणतील. अध्यापिका, दार लागल्यावर टाळ्या बाहेर राहिल्या नव्हत्या. पण हे सांगून झाल्यावर तो स्वतःच म्हणाला की त्या दहा मिनिटांनंतरचे त्याचे आहे आणि ते तो कोणावर ढकलणार नाही.

दोन आठवड्यांनंतरची तपासणी त्याने कालच करून घेतली. रविवारी तो तिला सांगणार आहे. मी तेथे असू नये, पण फोन चालू ठेवावा, एवढेच त्याने मागितले आहे. तिने मला विचारले, तर मी काहीही लपवणार नाही, हे त्याला मान्य आहे.

माझ्या पत्नीला काल रात्री सांगितले. तिने शेवटपर्यंत मध्ये न बोलता ऐकले. मित्राबद्दल, शपथेबद्दल, त्या संदेशाला मी पाठवलेल्या चिन्हाबद्दल तिने काही विचारले नाही. तिने एकच प्रश्न विचारला: "त्या वर्गणीत तुझेही पैसे होते?"

मी हो म्हणालो. आमचे बोलणे अजून त्यापुढे गेलेले नाही.